मधला चौकोन

गोधडी कडेपासून भरायची असते. हे ज्याला कळत नाही त्याने सुई हातात धरू नये, असं गजराबाईचं मत होतं, आणि ती ते समोरच्याच्या तोंडावर बोलून दाखवायची. आधी चारी कडा पक्क्या करायच्या, मग आत एकेक फेरा, बोटभर अंतर सोडून, चौकटीच्या आत चौकट, आणि सगळ्यांत शेवटी मधला भाग. मधून सुरुवात केली की कापड फुगतं आणि दोनदा धुतलं की आतले थर एका कोपऱ्यात जाऊन बसतात. आळे गावाच्या पलीकडच्या या वस्तीवर गेल्या चाळीस वर्षांत जेवढी बाळं जन्मली, त्यातली निम्मी तरी गजराबाईच्या गोधडीवर वाढली असतील. त्यामुळे भैरवनाथाच्या मंडपात वस्तीची गोधडी अंथरली तेव्हा कुणाचा चौकोन कुठे लावायचा हे तिनेच ठरवलं. मधला चौकोन तिने आपल्या दादाभाऊसाठी ठेवला. आईचं मन, म्हणून बायकांनी मान डोलावली. खरं कारण वेगळं होतं. मधला चौकोन सगळ्यांत शेवटी भरायचा असतो, आणि तिच्याजवळ त्यात लावायला कापडच नव्हतं.

करोनाच्या दुसऱ्या लाटेत या वस्तीवरची नऊ माणसं गेली, तीही सतरा दिवसांत. एकेका दिवशी दोन-दोन. कुणाचं मढं घरी आलं नाही, कुणाच्या दारात चार माणसं बसायला आली नाहीत, रडायचं तेही आपापल्या घरात दार लावून रडावं लागलं. पुढे सगळं सुरळीत झालं, लग्नं झाली, कांद्याचे भाव चढले-पडले, पण ते रडणं तसंच राहून गेलं होतं. ते बोलून दाखवलं अंगणवाडीच्या मंगलने. तीन वर्षं झाल्यावर एका बैठकीत ती म्हणाली, "आपण आपल्या माणसांसाठी काय सुदीक केलं न्हाई. बोर्डावर नावं लिहायची म्हणलं तर ती उन्हानं उडून जात्यात. एक गोधडी करू. ज्याचं माणूस गेलं त्यानं त्याचं एक कापड आणायचं. आखितीच्या आत पुरी करू. वर्षश्राद्ध ज्याच्या घरी आसंल त्याच्याकडं त्या दिवशी गोधडी जाईल."

आखिती म्हणजे अक्षय तृतीया, पितरांना पाण्याची घागर भरून द्यायचा दिवस. तोवर कांदा चाळीत भरून झालेला असतो आणि बायकांना दुपारची सवड असते. बेत सगळ्यांना पटला. म्हातारी साळुबाई तेवढी कुरकुरली, मेल्या माणसाची कापडं दहाव्यानंतर देऊन टाकायची असतात, घरात शिवून ठेवत नाहीत, असं म्हणाली. दुसऱ्या दिवशी सगळ्यांच्या आधी तीच येऊन बसली. नवरा शेतावर भाकरी बांधून न्यायचा तो टॉवेल तिने आणला होता, हळदीच्या डागासकट. जयाने थोरल्या बहिणीची बचत गटाची पिवळी साडी आणली. कुणी वायरमन भावाचा खाकी शर्ट आणला, कुणी सासूचं लुगडं. ही कापडं कुणी जपून ठेवली म्हणून राहिली होती असं नाही. भीतीपोटी प्लास्टिकच्या पिशवीत बांधून गोठ्याच्या मागे टाकली होती, आणि नंतर ती पिशवी उघडायचा धीर कुणाला झाला नव्हता. पिशव्या आता उघडल्या.

गजराबाईकडे पिशवीही नव्हती. ते असं झालं होतं.

त्या वैशाखात दादाभाऊ दोन दिवस पडवीतल्या खाटेवर तापाने पडून होता. तिसऱ्या दिवशी त्याला मोठ्या दवाखान्यात नेलं. मागोमाग सून आरती पॉझिटिव्ह निघाली, तिला शाळेत उघडलेल्या सेंटरवर ठेवलं. घरात उरल्या गजराबाई आणि सहा वर्षांची नात समृद्धी. टीव्हीवर दिवसभर चिता दिसायच्या. शेजारी सकाळी एक गेला, संध्याकाळी त्याची बायको गेली. कुणी म्हणे हा रोग कापडात राहतो, कुणी म्हणे भांड्यात राहतो. पोर सारखी बापाच्या खाटेवर जाऊन लोळायची, त्याचा शर्ट अंगावर ओढून घ्यायची. पाचव्या दिवशी गजराबाईचं डोकं फिरलं. खुंटीवरचे, कपाटातले, दोरीवरचे, दादाभाऊचे होते नव्हते ते सगळे कपडे तिने रिकाम्या कांद्याच्या वावरात नेले आणि रॉकेल ओतून पेटवून दिले.

दादाभाऊ तेव्हा जिवंत होता. हे तिच्या ध्यानात आलं तेव्हा सदऱ्यांच्या बाह्या जळून गेल्या होत्या. माणूस गेल्यावर त्याची कापडं जाळतात. तिने लेक श्वास घेत असताना जाळली. त्याच संध्याकाळी सेंटरवरून आरतीचा फोन आला. "आत्या, त्यांना बरं वाटतंय म्हणले. सुट्टी झाली तर घालायला निळा चौकड्याचा शर्ट अन् पँट पाठवा म्हणतायत." गजराबाई म्हणाली, "पाठवते." फोन ठेवून ती पत्र्याच्या पेटीपाशी गेली. पेटीत नवऱ्याचे, रखमाजींचे, दोन सदरे होते. ते जाऊन सात वर्षं झाली होती. एका सदऱ्याचं वरचं बटण तुटलेलं होतं. तिने बटण शोधलं, दोरा शोधला, डबा पालथा केला तरी पांढरं रीळ सापडेना. लाल दोरा हाताला लागला, त्यानेच बटण लावलं आणि सकाळी डबे घेऊन जाणाऱ्या टेम्पोवाल्याकडे सदरा आणि पायजमा देऊन टाकला. मेलेल्या बापाचा सदरा जित्या लेकाला. सहा दिवसांनी दादाभाऊ गेला. दवाखान्यातून काहीच परत आलं नाही.

आरती घरी आली ती त्यानंतर तिसऱ्या दिवशी. आल्या आल्या ती मोकळ्या खुंट्यांकडे बघत उभी राहिली. "कपडे कुठं गेले?" तिने विचारलं. आणि गजराबाईच्या तोंडून निघून गेलं, "दादा गेला त्याच दिशी फवारणीवाले आलते. त्यांनीच गोळा केलं नि जाळलं." आरतीने तिच्याकडे एकदा पाहिलं आणि ती आत गेली.

खोटं एकदाच बोलायचं असतं असं माणसाला वाटतं. ते रोज बोलावं लागतं. तीन वर्षं गजराबाई सुनेच्या नजरेला नजर न देता जगली. आरती वाईट वागली असं कुणी म्हणणार नाही. आळेफाट्याच्या रोपवाटिकेत ती कामाला लागली, स्कूटी शिकली, घर चालवलं, सासूच्या गुडघ्याचं औषध न विसरता आणलं. बोलणं मात्र तेवढ्यास तेवढं. चहा ठेवलाय. मोटार बंद केली. गोळी घेतली का. दोघींच्या मधे दादाभाऊचं नाव कधी निघत नसे. गजराबाईची मनातून खात्री होती की आपणच त्याला मारलं. वर कुणीतरी वही घेऊन बसलेलं असेल तर त्याने खाली धूर बघितला आणि या माणसाचं आटोपलं असं धरून चाललं. हे वेड्यासारखं आहे हे तिलाही कळत होतं. कळून उपयोग नव्हता.

तर अशी गोधडी चालली होती. रोज दुपारी आठ-दहा बायका चारी बाजूंनी बसायच्या, सुया चालायच्या, धावदोऱ्याचे फेरे आत सरकायचे. पहिल्या दिवशी हसण्या-बोलण्याला बंदी असल्यासारखं वातावरण होतं. मग साळुबाईने सांगितलं की तिचा नवरा त्या टॉवेलात भाकरीसोबत गुपचूप तंबाखूची पुडी बांधायचा आणि तिला वाटायचं की मुंग्या भाकरीच्या वासाने येतात. सगळ्या हसल्या, साळुबाई हसता हसता रडायला लागली, आणि मग एकेकीला तोंड फुटलं. जे रडणं तीन वर्षांपूर्वी बंद दाराआड अडून राहिलं होतं ते तिथे टाक्या टाक्याने बाहेर पडत होतं. गजराबाई तेवढी बोलत नव्हती. ती दुसऱ्यांचे टाके तपासायची, लांब पडला की उसवायला लावायची आणि फेरा किती आत आला ते बोटाने मोजायची.

आखितीला पाच दिवस उरले तेव्हा फेरा मधल्या चौकोनाच्या कडेला येऊन टेकला. तिथे नुसतं पांढरं अस्तर दिसत होतं.

"गजराआक्का, दादाभाऊचं कापड आज आणते, उद्या आणते म्हणत्याय," मंगल म्हणाली, "आता सुई आडली बघा."

"आणते की," गजराबाई म्हणाली.

"फवारणीवाल्यांनी जाळलं न्हवं सगळं? मंग कुठनं आणणार?" जया मध्येच बोलली. तिच्या मनात काही नव्हतं, पण साळुबाईने तिला कोपराने ढोसलं.

मंगलने सांभाळून घेतलं. "नसंल तर नसू द्या. फाट्यावरनं निळं नवं कापड आणू. त्याला निळा आवडायचा."

आरती तेव्हा समृद्धीला न्यायला मंडपाच्या पायरीशी आली होती. ती तिथूनच म्हणाली, "नवं कापड नको. ते त्यांच्या अंगाला कधी लागलं न्हाई. त्यापेक्षा मोकळं राहू द्या."

मोकळं राहू द्या म्हणजे काय, हे गोधडी भरणाऱ्या बाईला विचारावं. मोकळा राहिलेला भाग पहिल्या धुण्यात फाटतो. पण त्याहून दुसरंच गजराबाईला लागलं. आठ माणसं असतील आणि दादाभाऊ नसेल. दरवर्षी गोधडी घरोघर फिरेल, आणि मधे एक भोक असेल, आणि ते भोक तिने पाडलेलं असेल.

समृद्धी आता नऊ वर्षांची झाली होती. ती मांडी घालून आजीशेजारी बसली आणि म्हणाली, "आजी, बाबांची खिशाची गोधडी होती ना? मी त्यात चिंचोके लपवायचे ती?"

खिशाची गोधडी. दादाभाऊ शाळेतून सुटला तेव्हा त्याच्या शाळेच्या सदऱ्यांची गजराबाईने गोधडी केली होती, आणि घाईघाईत एका सदऱ्याचा खिसा तसाच ठेवला होता. उसवायचा म्हटल्यावर दादाभाऊनेच अडवलं होतं, राहू दे म्हणाला होता. तो मोठा झाला तरी झोपताना त्या खिशात दोन बोटं घालून झोपायचा. बायकोसमोर चेष्टा झाली तरी सवय गेली नाही.

"तीबी जाळली का त्यांनी?" आरतीने विचारलं.

नुसतं 'व्हय' म्हणायचं होतं. एक शब्द. तीन वर्षं ज्या खोट्यावर घर उभं होतं त्याला आणखी एक टेकू. गजराबाईने सुई अस्तरात टोचून ठेवली.

"न्हाई," ती म्हणाली. "ती ठमाबाईकडं हाय."

ठमाबाई म्हणजे जानकू मेंढक्याची बायको. दरवर्षी उन्हाळ्यात जानकूची मेंढरं गजराबाईच्या रिकाम्या वावरात बसायची, वावराला खत मिळायचं, त्यांना धान्य मिळायचं. त्या सालानंतर मात्र त्यांनी वाट बदलली होती आणि ती या अंगाला फिरकली नव्हती. मंगलच्या नवऱ्याने परवाच्या सोमवारी जानकूला बेल्ह्याच्या बाजारात पाहिलं होतं. मेंढरांचा वाडा, म्हणजे त्यांचा तळ, आणे गावच्या पठारावर बसलाय, असं कळलं.

"उद्या जाऊ," आरती म्हणाली. "मी नेते तुमाला."

त्या दिवशी गजराबाईने एसटीने एकटीने जायचे सतरा बहाणे मनात जुळवून पाहिले. ठमाबाईने काय पाहिलंय ते तिला माहीत होतं. त्या आगीपाशी तिसरं कुणी नव्हतं, त्या दोघीच होत्या, गजराबाई आणि ठमाबाई. ढिगावर शेवटची ही गोधडी टाकताना पलीकडच्या बांधावरून ठमाबाई धावत आली होती आणि तिने गोधडी तिच्या हातातून ओढून घेतली होती. आता ठमाबाई तोंड उघडणार आणि आरतीला सगळं कळणार. आरतीचं माहेर ओतूरला, भाऊ दोनदा न्यायला येऊन गेलेला. ती समृद्धीला घेऊन गेली तर तिला कोण अडवणार, आणि कुठल्या तोंडाने? पण आरतीला चुकवून जावं, तर ते दुसरं खोटं. गजराबाईचा खोट्याचा साठा संपला होता. सकाळी ती लुगडं नेसून ओट्यावर येऊन बसली.

बेल्हे सोडलं की हिरवा ऊस मागे राहतो आणि रस्ता चढाला लागतो. पठारावर वारा मोकळा सुटला होता. गजराबाई मागे एका अंगाला बसून स्कूटीचा दांडा धरून होती आणि मनात वाक्यं जुळवत होती. एकही पुरं होत नव्हतं. रस्त्यापासून आत एका निंबाखाली वाडा दिसला. दोन घोडी बांधलेली होती, जाळीत कोकरं ओरडत होती, आणि निंबाच्या फांदीला झोळी टांगलेली होती. ठमाबाईने लांबूनच ओळखलं.

"अगं माझी गजराआई!" म्हणत ती पळत आली आणि तिने गजराबाईला मिठीच मारली. तिच्या लुगड्याला मेंढरांचा वास येत होता. "किती वरसं झाली! त्या टायमाला दुसऱ्याच दिशी वाडा हलला, अन् पुढं ह्यांनी दुसरीकडं बोली केली, मंग आमाला त्या अंगाला येनंच झालं न्हाई. बसा, बसा, दूध हाय. आरतीबाय, तू वाळलीस गं. दादाभाऊ कसा हाय? दवाखान्यातनं कवा आला मंग? मी ह्यांना म्हणलं व्हतं, धट्टाकट्टा गडी हाय, आठ दिसात घरी येतोय बघा."

वाऱ्याने झोळी हलत होती. ठमाबाईने आरतीच्या कपाळाकडे, गळ्याकडे पाहिलं आणि तिचा हात तोंडावर गेला.

ठमाबाईला दादाभाऊ गेल्याचं माहीतच नव्हतं. तिने पाहिलेला तो दिवस दादाभाऊ जिवंत असतानाचा होता, आणि हे आता आरतीलाही समजलं असणार. गजराबाईने सुनेकडे तोंड फिरवलं. तीन वर्षांत पहिल्यांदा तिने तिच्या डोळ्यांत सरळ पाहिलं.

"फवारणीवाले आलेच न्हवते," ती म्हणाली. "म्याच जाळली. दादा जित्ता असताना जाळली. पोरीला काय व्हईल म्हणून भ्याले. तू निळा शर्ट पाठवा म्हणलीस तवा राख व्हऊन गेली व्हती. म्या त्याच्या बापाचा सदरा पाठवला. मेल्या माणसाचा. तुला खोटं सांगितलं. ह्या ठमाबाईनं पाह्यलंय सगळं, इचार तिला."

कुणी काही विचारायच्या आतच ठमाबाई बोलायला लागली. "आक्शी येड्यावानी करत व्हती गं. ह्यो सदरा टाक, तो टाक, रडत बी व्हती. म्या गोधडी वडून घेतली. म्हणलं आई, गोधडी जाळत न्हाईत. उन्हात टाकते आठ दिस, उन्हाला लई ताकद आसती. आमाला काय बी झालं न्हाई बघ."

आरतीने विचारलं, "गोधडी कुठंय?"

गोधडी झोळीतच होती. ठमाबाईचा नातू तीत झोपला होता, तीन महिन्यांचा. तिने त्याला अलगद उचलून आपल्या सुनेकडे दिलं आणि गोधडी खाली अंथरली. जागोजाग ठमाबाईने आपल्या जुन्या लुगड्यांचे तुकडे लावले होते, एका बाजूने घोड्याच्या पाठीवर घासून ती विरली होती. खिसा जागेवर होता. पांढरा आता मातकट झालेला, शाळेचं निळं चिन्ह निम्मं उडालेलं. गजराबाईने त्यावर हात ठेवला आणि तिला पुढे काही करता येईना.

"अख्खी घिऊन जावा," ठमाबाई म्हणाली. "तुमच्या लेकाची हाय."

"नको," आरती म्हणाली. "बाळाला राहू द्या. आमाला खिसा तेवढा पुरं."

ठमाबाईने मेंढरं कातरायची कातर आणली. ती कातर लोकरीसाठी, जुन्या कापडाचे चार थर तिच्याने सरळ कापले जाईनात. आरतीने गोधडी ताणून धरली, ठमाबाईने कातर चालवली. वीतभर चौकोन निघाला. खिशाच्या तळाशी काही लागलं म्हणून आरतीने बोट घातलं, तर आत एक चिंचोका होता. तो तिने मुठीत धरला. उरलेल्या गोधडीला पडलेलं भोक गजराबाईने तिथेच बसून आपल्या पदराचा तुकडा लावून बुजवलं, कडेपासून आत, बोटभर अंतर सोडून.

परतीच्या वाटेवर आरती बोलली नाही. घरी आल्यावर तिने स्वयंपाक केला, समृद्धीला जेवू घातलं, सासूची गोळी तिच्या हातावर ठेवली. गजराबाई वाट बघत राहिली. शिव्या दिल्या असत्या तरी चाललं असतं. दुसऱ्या दिवशी दुपारी ती चौकोन घेऊन मंडपात गेली. बायकांनी तो हातोहात फिरवला, खिसा बघितला आणि काही न विचारता तिच्यापुढे ठेवला. शेवटचा फेरा तिनेच घालायचा होता.

तेवढ्यात चपला काढून आरती आत आली. रोपवाटिकेतून अर्ध्या दिवसाची सुट्टी घेऊन आली होती. आजवर ती गोधडीला एकदाही बसली नव्हती. ती सासूच्या समोर, चौकोनाच्या पलीकडच्या बाजूला बसली.

"आत्या," ती हळू आवाजात म्हणाली, "मला माहीत व्हतं."

गजराबाईचा हात थांबला.

"तुमी सदरा पाठवला त्याच्या तिसऱ्या दिवशी ह्यांचा फोन आला व्हता. हसत व्हते. म्हणले, आईनं आबांचा सदरा पाठवलाय, म्हणजे माझी कापडं जाळलेली दिसत्यात. बरं केलं, समू हाय घरात. म्हणले, सदऱ्याला आबांचा वास येतोय, दोन दिवस झाले उशाला घिऊन झोपतोय, बरं वाटतंय." आरतीने चौकोनाची कड बोटाने सरळ केली. "म्हणले, बटण लाल दोऱ्यानं लावलंय. आई लई घाबरलेली दिसती. तिला काही बोलू नको."

मंडपात सुया थांबल्या होत्या, पण कुणी मान वर केली नाही.

"म्हणून मी बोलले न्हाई," आरती म्हणाली. "पन खरं सांगू का, त्यांनी सांगितलं म्हणून न्हाई. रागानं गप्प बसले. तुमी फवारणीवाल्यांचं सांगितलं अन् मला वाटलं, खोटं बोलत्यात तर बसू दे जळत. तीन वरसं तुमाला हे सांगितलं न्हाई. ते तुमचं व्हतं, मी दाबून ठेवलं."

गजराबाईने पदर तोंडात कोंबला. तीन वर्षांपूर्वी दार लावूनही जे रडणं आलं नव्हतं ते आता आलं, मोठ्याने, बायकांच्या मधे, चारचौघींत. साळुबाईने तिच्या पाठीवर हात ठेवला. आरतीने पुढे वाकून सासूचा गुडघा धरला, तोच दुखरा गुडघा, आणि तीही रडली. लेक उशाशी बापाचा सदरा घेऊन झोपला होता. त्याला वास आला होता. गजराबाईने हे मनाशी पुन्हा पुन्हा म्हटलं.

बऱ्याच वेळाने तिने डोळे पुसले आणि सुई उचलली. पण नजर ओली होती, दोरा काही केल्या सुईच्या नेढ्यातून जाईना. आरतीने सुई तिच्या हातातून घेतली. डब्यात पांढऱ्या दोऱ्याची रिळं होती, सगळी गोधडी पांढऱ्यानेच भरली होती. तिने डब्यात खोल हात घालून तळातलं एक रीळ काढलं, दोरा तोडला, ओवला, गाठ मारली आणि सुई सासूला दिली.

गजराबाईने दोऱ्याकडे पाहिलं. मग सुनेकडे पाहिलं. मग ती वाकली आणि चौकोनाच्या कडेला पहिला टाका घातला.

"आक्का," मंगल गोधडीवर वाकून म्हणाली, "सगळीकडं पांढरा, अन् मधीच लाल का घेतला?"

"घाईत दुसरा घावला न्हाई," गजराबाई म्हणाली, आणि टाके घालत राहिली. खिशाचं तोंड तिने मोकळं ठेवलं.